लघुपटांतील देह आणि नाद

मुरबाड सोडून माळशेजच्या घाटाकडे निघालें म्हणजे वाटेंत टोकावडें लागतें. पुष्कळ रसिकांनीं हें गांव पाहिलें असेल. पण तें बहुधा पावसाळ्यांत, धबधब्यांच्या ओढीनें घाटाकडे धांवतांना, मोटारीच्या खिडकींतून. अशा गांवीं प्रायोगिक लघुपटांवर चर्चा झाली असें कोणी सांगितल्यास तें त्यांस थट्टेचें वाटणें स्वाभाविक आहे. तथापि ती झाली, आणि या विषयावर अलीकडे मीं जें कांहीं ऐकलें व वाचलें त्या सर्वांत मला तीच अधिक मोलाची वाटली. म्हणून तिच्यापासूनच आरंभ करितों.

प्रसंग साधा होता. माझा एक भाचा मुंबईस नोकरीला आहे. तो सुटीवर आला तेव्हां भिंतीवर चित्रें पाडण्याचें एक लहानसें यंत्र त्यानें बरोबर आणिलें होतें. बाहेर पावसानें धरलें होतें, आवणीचीं कामें उरकलीं होतीं, आणि आमच्या पडवींत शेजारचीं दहापंधरा माणसें जमलीं होतीं. त्यांना काय दाखवावें असा प्रश्न निघाला तेव्हां मीं हट्टानें प्रमोद पती यांचे चार लघुपट निवडले : 'एक्स्प्लोरर' व 'क्लॅक्सप्लोजन' हे १९६८ चे, 'ट्रिप' १९७० चा, आणि 'आबिद' १९७२ चा. चारहि फिल्म्स डिव्हिजन या सरकारी खात्यानें काढलेले, चारहि मिळून अर्ध्या तासाच्या आंत संपणारे. पोरें हंसलीं, मोठीं माणसें आदरापोटीं गप्प बसलीं. दिवा लावल्यावर ठाकरवाडींतील एक वृद्ध गृहस्थ, जे गौरीच्या सणांत ढोल वाजवितात व ज्यांच्या हाताला आसपासच्या वाड्यांत मान आहे, त्यांनीं मला एवढेंच विचारलें कीं, गुरुजी, त्या हलणाऱ्या माणसाच्या कानावर वाजविणारा पडत होता का?

मीं कांहीं तरी उत्तर दिलें. तें बरोबर नव्हतें हें मला रात्रीं अंथरुणावर पडल्यावर कळलें. हा लेख म्हणजे त्या उत्तराची दुरुस्ती होय.

ज्या वाचकांस पतींचें नांव नवें असेल त्यांच्यासाठीं दोन शब्द सांगितले पाहिजेत. प्रमोद पती (१९३२–१९७५) हे मूळचे ओरिसाचे. चेकोस्लोव्हाकियांत त्यांनीं बाहुलीपटाचें शिक्षण घेतलें, आणि मुंबईस फिल्म्स डिव्हिजनमध्यें येऊन आपलें बहुतेक काम तेथेंच केलें. हें खातें १९४८ मध्यें स्थापन झालें. धरणें, खतें, पंचवार्षिक योजना, पूर आणि परदेशी पाहुणे हा त्याचा नेहमींचा व्यवहार. आणि प्रत्येक चित्रपटगृहानें मुख्य खेळाबरोबर त्याचे पट दाखविलेच पाहिजेत असा परवान्याचा दंडक. शाळेंत असतांना आम्ही कल्याणास सिनेमा पाहण्यास जात असूं, तेव्हां हा सरकारी पट लागला कीं आम्ही मुलें शेंगदाणे आणण्यासाठीं बाहेर पडत असूं. आज त्याच खात्याचे पट मला शोधून शोधून पाहावे लागतात, हा त्या शेंगदाण्यांचा सूडच म्हणावयाचा. खातें स्वतः आतां राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळांत विलीन झालें आहे, आणि पेडर रोडवरील त्याच्या आवारांत २०१९ पासून चित्रपटांचें संग्रहालय उभें आहे.

या रुक्ष घरांत १९६५ च्या सुमारास कांहीं काळ मोकळें वारें शिरलें. जहांगीर भावनगरी हे मुख्य सल्लागार म्हणून आले व त्यांनीं खात्यांतील तरुणांस आणि खात्याबाहेरील कलावंतांस मोकळीक दिली. हुसेन या चित्रकारानें राजस्थानांत काढलेला 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' याच काळाचा. त्यास १९६७ मध्यें बर्लिन येथें लघुपटाचें सुवर्ण-अस्वल मिळालें. त्यांत निवेदकाचा आवाज नाहीं, केवळ चित्रें व संगीत आहे. शिकविण्यासाठीं जन्मलेल्या खात्यानें तोंड मिटून घ्यावें ही त्या काळीं लहान गोष्ट नव्हती. पतींचे प्रयोग याच वाऱ्यावर उडाले.

पतींच्या हातांतील मुख्य हत्यार समजल्यावांचून पुढील विवेचन समजणार नाहीं. चित्रपटाची फीत सेकंदास २४ चौकटींच्या वेगानें धांवते. नेहमींच्या चित्रपटांत नट चालतो आणि कॅमेरा त्याला पाहतो. पतींनीं 'पिक्सिलेशन' नांवाची जी रीत वापरली तींत जिवंत माणसाला बाहुलीसारखें वागविलें जातें. त्यानें एक पवित्रा घ्यावा, स्तब्ध उभें राहावें, एकदोन चौकटी टिपून होऊं द्याव्या. मग तसूभर सरकावें व पुन्हां स्तब्ध राहावें. पुढें फीत चालली कीं तोच माणूस पाय न उचलतां जमिनीवरून घसरत जाऊं शकतो, हवेंत तरंगूं शकतो, डोळ्याचें पातें लवतें न लवतें तोंच खोलीच्या या टोकाचा त्या टोकाला जाऊं शकतो. पांच मिनिटांच्या पटाला ७२०० चौकटी लागतात हें ध्यानांत घेतलें म्हणजे या खेळामागील कष्टांची कल्पना येईल. पडद्यावर जें अत्यंत चपळ दिसतें तें घडत असतांना देह बहुतेक वेळ निश्चल असतो, ही या रीतींतील गंमत आहे व तिचें दुःखहि आहे.

ही रीत परकी म्हणून नाक मुरडण्याचें कारण नाहीं. दादासाहेब फाळके यांनीं १९१२ मध्यें, 'राजा हरिश्चंद्र' काढण्यापूर्वीं, वाटाण्याच्या रोपाची वाढ अशीच थांबून थांबून टिपली होती, आणि पुढें 'आगकाड्यांची मौज' या पटांत काड्यांना नाचविलें होतें. रोप व काडी यांच्या जागीं माणूस आला एवढाच फरक. पण काडी थकत नाहीं, व तिला लाजहि वाटत नाहीं. म्हणून तो फरक लहान नव्हे.

आतां नादाकडे वळूं. या लघुपटांचें संगीत विजय राघव राव यांचें आहे. बांसरीवादक म्हणून त्यांची कीर्ति सर्वश्रुत आहे. 'भुवन शोम' या १९६९ च्या चित्रपटाचें संगीतहि त्यांचेंच. परंतु ते उदय शंकर यांच्या नृत्यपथकांत होते व पुढें रविशंकर यांचे शिष्य झाले, या गोष्टीचा या पटांशीं असलेला संबंध कोणीं फारसा उलगडून दाखविलेला नाहीं. उदय शंकर यांनीं १९४८ मध्यें 'कल्पना' हा नृत्यमय बोलपट काढला. त्याचें संगीत विष्णुदास शिराळी यांचें. ते विष्णु दिगंबर पलुसकरांचे शिष्य, आणि पुढें तेहि फिल्म्स डिव्हिजनच्याच संगीत-विभागांत आले. रविशंकर स्वतः लहानपणीं भावाच्या पथकांत नाचलेले. म्हणजे ज्या सरकारी इमारतींत खतांवरील पटांना पार्श्वसंगीत दिलें जात होतें तेथें नाचाच्या तालमींत मुरलेलीं माणसें बसलेलीं होतीं. नर्तकाचें पाऊल कोठें पडणार हें पाऊल पडण्याच्या क्षणभर आधीं ओळखावें लागतें, ही विद्या त्यांना अवगत होती. पतींच्या पटांत विजुकरणांतून काढलेले विचित्र आवाज, टिचक्या, घरघर, मंत्रघोष असें कितीहि कालवलेलें असो, त्याच्या खालून एक ठाम लय चाललेली असते, तिचें मूळ मला येथें दिसतें. ज्यानें केवळ रागदारी केली असती त्यास हें साधलें नसतें, असें माझें मत आहे.

चौघांमध्यें 'आबिद' निःसंशय श्रेष्ठ. आबिद सुरती हे चित्रकार, लेखक आणि हास्यचित्रकार. 'ढब्बूजी'चे ते जनक. या पटांत ते स्वतःच पात्र आहेत आणि रंगकामहि स्वतःचेंच करितात. एक खोली, भिंती, आणि त्या भिंतींवर उसळत जाणारे भडक रंग. त्यांच्यामध्यें हा माणूस झटके खात, घसरत, उगवत आणि लोपत राहतो. कथा नाहीं. तरी पाहणाऱ्याचें लक्ष क्षणभरहि ढळत नाहीं, आणि त्याचें कारण मला असें वाटतें : येथें देहाला करावयास एक खरें काम आहे. चित्रकारानें रंगवावें हें स्वाभाविक. तें काम तुकड्यातुकड्यानें टिपलें तरी त्यांतील हेतूचा धागा तुटत नाहीं. हात भिंतीकडे कां चालला हें आपणांस ठाऊक असतें. म्हणून संगीतालाहि धरून चालण्यास कांहीं तरी सांपडतें. तें कधीं हाताच्या पुढें धांवतें, कधीं रंगाचा फराटा पुरा होईपर्यंत दम धरतें. शिवाय ज्याला कळसूत्री बाहुलें केलें आहे तो स्वतःच कलावंत आहे, आपल्याला बाहुलें केलें जात आहे हें त्याला मान्य आहे, आणि त्यांत त्याला मौज वाटते आहे. ही मौज आपल्यापर्यंत पोंचते. पतींनीं त्या देहाचा मान राखिला आहे.

'क्लॅक्सप्लोजन'विषयीं असें म्हणवत नाहीं. कसब तेंच, किंबहुना अधिक नेटकें. दोनचार मिनिटांत हंसवून मोकळा होणारा पट. विषय कुटुंबनियोजन. लाल त्रिकोण त्या वेळीं गांवोगांव भिंतींवर रंगविला जाऊं लागला होता, आणि वाढत्या लोकसंख्येचा धाक घालण्याऐवजीं तिच्यावर विनोद करावा हा विचार सरकारी खात्याला सुचला हें त्याच्या अकलेचें लक्षणच मानलें पाहिजे. १९६८ मध्यें हा पट पाहणारा प्रेक्षक निर्मळ मनानें हंसला असेल. मला तसें हंसतां येत नाहीं. १९७६ सालीं मी नवखा शिक्षक होतों, आणि आम्हां शिक्षकांस शस्त्रक्रियेसाठीं माणसें आणून देण्याचा आंकडा ठरवून दिलेला असे. १९७६-७७ या एका वर्षांत देशांत ८० लाखांहून अधिक नसबंदीच्या शस्त्रक्रिया झाल्या. आपल्या विधिमंडळानें तर १९७६ मध्यें सक्तीच्या नसबंदीचें विधेयकच संमत केलें होतें. राष्ट्रपतींची मान्यता न मिळाल्यामुळें तें अंमलांत आलें नाहीं. ज्या वाड्यांवर आम्ही त्या वर्षीं संध्याकाळीं जात असूं तेथें आम्हांस पाहून पुरुष रानांत निघून जात.

त्या अत्याचाराचा दोष १९६८ च्या एका चिमुकल्या पटावर लादणें हा अन्याय होईल, आणि पती तर आणीबाणीच्याच सालीं वारले. तरी टीकाकारानें एक गोष्ट बोलावयास हवी. या पटांतील माणसें झटक्यासरशीं हलतात, थिजतात, वाढतात, आणि त्यांना स्वतःचें असें कांहींच करावयाचें नसतें. तीं कोणाच्या तरी धड्यांतील आंकडे आहेत. देहाचा बाहुला करण्याची जी रीत 'आबिद'मध्यें क्रीडा ठरते तीच येथें, मनांत नसतांना, राज्यकर्त्यांच्या दृष्टीचें चित्र होऊन बसते. तंत्र दोहींकडे एकच. ज्याचा देह आहे त्याला खेळांत घेतलें आहे कीं नाहीं, येथें सारा भेद पडतो. आणि हा भेद नीतीचा म्हणून बाजूला ठेवतां येत नाहीं, कारण तो लयीमध्यें ऐकूं येतो : 'क्लॅक्सप्लोजन'चें संगीत पात्रांना हांकतें, 'आबिद'चें संगीत पात्राशीं बोलतें.

'एक्स्प्लोरर' हा सर्वांत गाजलेला. पतींच्या नांवाचा उच्चार झाला कीं याचाच प्रथम होतो. काळ्यापांढऱ्या चित्रांचा हा सुमारें सात मिनिटांचा वर्षाव आहे. तरुणांचे बेभान नाच, देवतांचीं चित्रें, प्रयोगशाळेंतील यंत्रें, मंत्रघोष, पुन्हां नाच. चित्र दिसलें न दिसलें तोंच दुसरें. त्या काळच्या नागर तरुणाच्या डोक्यांत काय चाललें होतें याचें यापरतें खरें टिपण दुसरें नसेल. सरकारी पैशानें तें काढलें गेलें याचें नवल मला अजून वाटतें. पण नाचावरचा चित्रपट म्हणून कोणी त्याची वाखाणणी करील तर मी सहमत होणार नाहीं. त्यांत नाच दिसत नाहीं. नाचाचें उद्धरण दिसतें. पाऊल उचललेलें दिसतें, पडलेलें दिसत नाहीं, कारण तोंपर्यंत आपण देवळांत किंवा प्रयोगशाळेंत पोंचलेले असतों. सारी लय कात्रीची. ती कात्री तरबेज आहे याबद्दल वाद नाहीं. परंतु देह तेथें भाताच्या काडासारखा कापून पेंढीला बांधला आहे, आणि पेंढी पाहून शेताची कल्पना येत नाहीं.

'ट्रिप'मध्यें मुंबईची वर्दळ याच चौकटीगणिक रीतीनें टिपली आहे. माणसें मुंग्यांसारखीं येतात आणि पुसून जातात. पट लहान, त्याचा आव त्याहून लहान, आणि म्हणून तो मनांत राहतो. आमच्या पडवींतल्या पोरांना तोच अधिक आवडला. त्यांपैकीं दोघांचे बाप रोज पहांटे भाजीचीं गाठोडीं घेऊन त्या वर्दळींत जाऊन पुसले जातात.

आतां त्या वृद्ध गृहस्थांच्या प्रश्नाकडे येतों. मीं त्या रात्रीं त्यांस सांगितलें कीं, नाहीं, संगीत मागाहून घातलें जातें. आणि त्यावर त्यांनीं मान हलविली व ते छत्री उघडून निघून गेले. माझें उत्तर खोटें नव्हतें, पण अपुरें होतें.

अमेरिकेंत माया डेरन या बाईनें १९४५ मध्यें तीनचार मिनिटांचा एक पट काढला. त्यांत टॅली बीटी नांवाचा एकच नर्तक आहे. तो झाडींत पाय उचलतो आणि तो पाय खालीं येतो एका घरांतील खोलींत. दोन जागा, पण हालचाल अखंड. या पटाला संगीत मुळींच नाहीं. तो सर्वस्वीं मूक आहे. आणि तरी तो पाहतांना आपल्या अंगांत ताल धरतो, कारण बाईंनीं कात्री तेथेंच चालविली आहे जेथें देहानें स्वतःच श्वास घेतला असता. म्हणजे वाजविणारा बाहेर नसला तरी नाचणाऱ्याच्या आंत असूं शकतो, आणि चांगला संकलक तो ऐकतो.

दुसरें उदाहरण आम्हांस अधिक जवळचें. कॅनडांतील नॉर्मन मॅकलॅरेन यांनीं १९५७ मध्यें एका खुर्चीचा पट काढला. माणूस बसावयास जातो, खुर्ची बसूं देत नाहीं. दोघांची झोंबी चालते, आणि शेवटीं माणूस खुर्चीला स्वतःवर बसूं देतो तेव्हांच तीहि राजी होते. माणसाचें काम क्लोद जुत्रा यांनीं केलें आहे. संगीत रविशंकर यांचें, तबल्यावर चतुरलाल. चित्रण आधीं झालें आणि त्या चित्रांकडे पाहून मागाहून सतार व तबला वाजला. हा पट मी पुष्कळदां पाहिला आहे, आणि दर वेळीं असा भास होतो कीं खुर्चीच तबला ऐकून माघार घेते आहे. नटाच्या कानावर वाजविणारा पडला नव्हता हें खरें. परंतु वाजविणाऱ्याच्या डोळ्यांपुढें नट होता. मला त्या रात्रीं हें सांगावयास हवें होतें. संबंध तुटलेला नसतो; तो एकाच दिशेनें वाहतो. नाचणाऱ्यानें जें द्यावयाचें तें देऊन टाकलेलें असतें, आणि मग वादक, कधीं अनेक महिन्यांनीं, त्याचें देणें फेडीत बसतो. विजय राघव राव यांच्यासारखा, स्वतः पथकांत वावरलेला वादक असला तर तें देणें पुरें फिटतें.

असें असूनहि ढोलवाल्यांच्या मनांत जें खटकलें तें खरें होतें. आमच्याकडे गौरीच्या रात्रीं फेर धरला जातो तेव्हां ढोल नाचणाऱ्यांना चालवितो आणि नाचणारे ढोलाला चालवितात. पायांत थकवा आला कीं टिपरी आपोआप सैल पडते, एखादीनें जोर केला कीं ती पुन्हां चढते. उत्तरेकडे जव्हार-डहाणूच्या बाजूस वारल्यांच्या तारपा नाचांत हें आणखी स्पष्ट दिसतें. वाळलेल्या भोपळ्याचा व बांबूच्या नळ्यांचा तो तारपा घेऊन वादक मध्यें असतो, भोंवतीं एकमेकांच्या कमरेला हात घालून माळ फिरते, आणि माळ त्याच्याकडे पाठ करीत नाहीं. सूर बदलला कीं पाऊल बदलतें. पण सूर केव्हां बदलावा हें तो त्या माळेकडे पाहूनच ठरवितो. येथें प्रेक्षक असा कोणी नसतोच, असला तर तो थोड्या वेळानें माळेंत ओढला जातो. जिव्या सोमा मशे यांच्या चित्रांत ही माळ जी गुंडाळत गेलेली दिसते ती एकाच स्तब्ध चित्रांत फिरत असते. ७२०० चौकटींची गरज त्यांस पडली नाहीं.

यावरून कोणी असा निष्कर्ष काढील कीं चित्रपटानें या भानगडींत पडूं नये. मला तो मान्य नाहीं. नाचाचें जसेंच्या तसें चित्र घेतलें म्हणजे नाच हाताला लागतो, हा भ्रम त्याहून वाईट आहे. आदिवासींच्या नाचांवरील माहितीपट मीं थोडेथोडके पाहिले नाहींत. त्यांतील बहुतेकांत ढोल चार ठोके वाजतो न वाजतो तोंच एक भारदस्त आवाज सुरू होतो, आणि हे लोक किती निरागस व निसर्गप्रेमी आहेत हें सांगूं लागतो. ढोल त्याच्या खालीं दाबून टाकलेला असतो. ज्या गृहस्थांनीं असे पट काढले त्यांचा हेतु चांगला असेल. पण पतींच्या कात्रीनें देहाचें जितकें नुकसान केलें नाहीं तितकें या कळवळ्यानें केलें आहे.

याला अपवाद मणि कौल यांचा. फिल्म्स डिव्हिजनसाठींच त्यांनीं १९७७ मध्यें 'चित्रकथी' हा लघुपट काढला, कुडाळजवळच्या पिंगुळीच्या ठाकरांवर. पोथीचीं चित्रें, कातडी व लांकडी बाहुल्या, आणि त्यांच्या मागें बसून गाणारा माणूस. कौल यांचा स्वभाव पतींच्या अगदीं उलट. पती घाई करतात, कौल थांबतात, कधीं कधीं इतके थांबतात कीं पाहणाऱ्याच्या धीराची कसोटी लागावी. परंतु थांबल्यामुळें एक गोष्ट घडते. बाहुलीच्या मागचा हात, आणि त्या हाताला चालविणारा गळा, हीं दोन्ही आपल्याला एकत्र जाणवतात. पतींनीं माणसाला बाहुली केलें. पिंगुळीचा माणूस बाहुलीला माणूस करतो. हे दोन पट एका बैठकींत पाहावे असें मी रसिकांस सुचवीन, आणि 'चित्रकथी' आधीं पाहावा.

असो. हें सारें लिहून झाल्यावर मला कबूल केलें पाहिजे कीं, लघुपटाचें भवितव्य पेडर रोडवर किंवा महोत्सवांतून ठरत असेल असें मला आतां वाटत नाहीं. पतींच्या नांवानें मुंबईच्या आंतरराष्ट्रीय लघुपट-महोत्सवांत पारितोषिक दिलें जातें तें योग्यच आहे. परंतु देह व संगीत यांचे चिमुकले पट आज काढतात तीं वाडीवरचीं पोरें, खिशांतल्या मोबाईलवर. तीं गौरीचा नाच टिपतात, त्याचा वेग दुप्पट करतात, आणि ढोल पुसून टाकून वर एखादें सिनेमाचें गाणें चिकटवितात. पाय एका तालांत, कान दुसऱ्या तालांत. मला प्रथम त्याचा राग येई. पुढें लक्षांत आलें कीं पतींनीं जें करण्यास सरकारी खात्याचें सारें बळ लावलें तें यांना अंगठ्यानें करतां येतें, आणि म्हणून पतींना जो प्रश्न पडला असेल तो यांनाहि केव्हां तरी पडणारच.

माझ्याकडे पूर्वीं शिकलेली एक मुलगी आतां मुरबाडला कॉलेजांत जाते. आमच्या पडवींतल्या त्या रात्रीं ती हजर होती. गौरी-गणपति होऊन गेल्यावर एके दिवशीं ती मोबाईल घेऊन आली. तिनें वाडीवरचा नाच टिपला होता, आणि त्यावर गाणें घातलें नव्हतें. ढोल होता तसा ठेविला होता, व दर ठोक्याला चित्र बदललें होतें. कधीं नुसती टांच, कधीं चिखलांत उमटलेलें पाऊल, कधीं लुगड्याचा ओचा, कधीं ढोलावरची बोटें. मिनिटभराचें काम. त्यांत उणीवा पुष्कळ होत्या, पण टांच उचललेली दिसे व पडलेलीहि दिसे. मीं तिला सांगितलें कीं चल, हें ज्यांचें आहे त्यांना दाखवूं.

ते दारांत बसून दोरी वळीत होते. त्यांनीं मोबाईल डोळ्यांपासून लांब धरला, व दुसऱ्या हाताचीं बोटें उंबऱ्यावर चालूं लागलीं. मध्येंच तीं बोटें अडखळलीं. त्यांनीं तो पुन्हां लावावयास सांगितला, आणि पुन्हां त्याच जागीं बोट हवेंत राहिलें. एक ठोका इथें नाहीं, असें ते म्हणाले. मुलगी ओशाळली. तेथें कोणी तरी मध्यें आलें होतें, तेवढा तुकडा तिनें कापून टाकला होता. मग तिनें त्यांच्या शेजारीं बसकण मारली, आणि तो ठोका नेमका कोणत्या पावलावर पडतो तें ती त्यांना विचारूं लागली.